सकृत्फली वेळूचं आक्कानं काय केलं

लातूर, मंगळवार, ८ एप्रिल

तीर्थस्वरूप मल्लिनाथ दाजी यांस मन्मथचे शरणु शरणार्थी.

तुम्ही मोतीबिंदूसाठी नांदेडला लेकीकडे, सृष्टीकडे गेलात त्याला आज अडतीस दिवस झाले. तेवढ्या दिवसांत तुमच्या घरात माझ्या या दोन हातांनी झालेल्या वस्तू अशा: परसातली शिडी एक, अकरा पायऱ्यांची, पायरीपायरीत बरोबर दहा इंच, सूप दोन, कपडे वाळवायची घडीची चौकट एक, पानं दाबून वाळवायचा लाकडी दाब एक, चार पेचांचा, न्हाणीच्या दाराला आतून कडी (तुमची कडी बाहेरून लागायची, चोवीस वर्षं तुम्ही आत बसून खोकत काढली), आणि विमान एक. पत्र विमानासाठीच लिहितोय, पण आधी तुमचे डोळे. दुसरा डोळा झाल्याला आठ दिवस झाले म्हणे. थेंब वेळच्या वेळी घालता ना? वाकू नका, वजन उचलू नका, आणि हे पत्र स्वतः वाचायला जाऊ नका, सृष्टीकडून वाचून घ्या. (सृष्टी बाळ, मोठ्यानं वाच, पण कंसातलं मनातल्या मनात. न्हाणीचं वाचून झालं असेल तर असू दे.)

फोन का नाही केला म्हणाल. आक्काला कमी ऐकू येतं हे फक्त तुमच्या बाबतीत खरं आहे. मी गच्चीवर जाऊन नंबर दाबला तरी तिला खाटेवर कळतं. शिवाय तिनं मला विभूतीची शपथ घातली होती, की दाजीचे दोन्ही डोळे झाल्याशिवाय एक शब्द बोलायचा नाही. डोळे झाले. शपथ सुटली. आता सगळं क्रमानं सांगतो.

आपल्या परसातला वेळू फुलला. होळीच्या दोन दिवस आधी मी शिडीसाठी काठी बघायला गेलो तर पानं बरीच गळालेली, आणि कांडीकांडीला गव्हाच्या लोंबीसारखे भुऱ्या रंगाचे झुबके. वास नाही, मधमाशी नाही. वारा पडलेला होता, झेंडूचं पान हलत नव्हतं, आणि बेटातून मात्र कुणीतरी कागद चुरगळावा तसा आवाज येत होता. मी घड्याळ लावून ऐकलं. सात मिनिटं. मी भुताखेतांवर विश्वास ठेवणारा माणूस नाही. उन्हानं खोडावरचे पोपडे तडकतात आणि तो आवाज होतो, असं मी वहीत लिहून ठेवलं. लिहिताना पाठ मात्र बेटाकडे केली नाही.

या वेळूची कूळकथा तुम्हाला पाठ आहे, पण सृष्टीला कुणी नीट सांगितली नसेल. आक्काच्या बारशाला आमच्या आईनं मुखेडजवळच्या शेतात वेळूचं रोप लावलं. पुढं आक्काच्या लग्नात त्याचा एक कंद ओल्या गोणपाटात बांधून रुखवताबरोबर लातूरला आला. सृष्टीच्या लग्नात इथला कंद नांदेडला गेला. आमच्या घरची रीतच ती. दुसरे लोक भांडी देतात. म्हणजे मुखेड, लातूर, नांदेड ही बेटं तीन दिसली तरी झाड एकच, आणि वय एकच, त्रेसष्ट.

आता माझी चूक. माझी, हे मी शाईनं लिहितोय. आक्कानं विचारलं, "मन्मथा, वेळूला हे काय झालं रे?" दुसरा कुणी असता तर म्हणाला असता, फुललाय, चांगलं असतं, चहा टाक. पण मी दहावी नापास माणूस, वनस्पतिशास्त्र रद्दीतल्या पुस्तकांतून शिकलो, कॉलेजांतल्या झाडांना मराठी पाट्या करून देतो आणि नुसती विशेषणं अकराशे चाळीस गोळा केली आहेत. मला कुणी नेमकं विचारलं की माझ्याच्यानं मोघम सांगवत नाही. मी म्हटलं, आक्का, हा सकृत्फली आहे. सकृत् म्हणजे एकदाच. जी वनस्पती जन्मात एकदाच फळते आणि फळली की मरते ती सकृत्फली. एवढ्यावर थांबायचं, तर मी वापर सांगत बसलो: ज्वारी, तूर ही पण एकदाच फळून जातात, पण त्यांना वर्षायू म्हणून सोडून द्यावं, सकृत्फली हा शब्द जपून, वर्षानुवर्षं वाट बघणाऱ्यांसाठी वापरावा. बांधावरचं घायपात, केळ आणि वेळू. त्यातही वेळूची गोष्ट निराळी. एका मुळाचे कंद कुठंही नेऊन लावा, दोनशे कोसांवर लावा, वेळ भरली की सगळे एकाच हंगामात फुलतात आणि सगळेच वाळतात. त्यांना कुणी सांगायला जात नाही.

शेजारच्या महादेवीवहिनी शेंगा फोडत बसल्या होत्या. त्यांच्या हातातली शेंग तशीच राहिली. आक्का बेटाकडे वळली. मग म्हणाली, "म्हंजे सृष्टीच्या दारातला बी फुलला असंल."

दुपारी पावणेएकला ती हे म्हणाली. एक वाजून दहा मिनिटांनी सृष्टीचा फोन आला, की मामा, वेळूला कसली तरी कणसं आलीत, औषध फवारू का? (सृष्टी, तेव्हा मी फोन एकदम ठेवला तो याच्यामुळं. रेंज गेली नव्हती.) संध्याकाळी मुखेडला चुलतभावाला विचारलं. तिथलाही.

त्या दिवसापासून आक्काचं जेवण सुटलं. ताट तसंच परत सारायची. बीपीच्या गोळ्या कोपऱ्यातल्या तुळशीत टाकायला लागली. चौथ्या दिवशी मी पाट मांडून समोर बसलो तर शांतपणे म्हणाली, "माझं बारसं अन् त्याचं लावणं एकाच दिवशीचं. मला बी एकच लेकरू. एकदाच फळले मी. तुझा शब्द मला बरोबर लागून राहिलाय बघ." (सृष्टी, इथं थोडं पाणी पी. मग पुढं वाच.)

मी म्हटलं, आक्का, हे विशेषण माणसाला लागत नाही. ती म्हणाली, "कुठं लिहिलंय?"

दाजी, मी माझी सगळी पुस्तकं काढली. मुखेडहून दोन पेट्या एसटीनं मागवल्या. दोन दिवस वाचलं. कुठल्याच पुस्तकात 'माणसाला लागत नाही' असं लिहिलेलं नाही. कुणाला लिहायची गरजच वाटली नसणार. तिसऱ्या दिवशी ती म्हणाली, "घावलं का?" आणि मला नाही म्हणावं लागलं. खोटं बोलता आलं असतं, पण पन्नास वर्षांत सवय नाही लावली. केळीचा दाखला दिला, की अर्धापूरच्या बागांत बघ, घड उतरला की केळ कापतात, पिलं मागं राहतात, कुणी रडत नाही. ती म्हणाली, "मग तेच तर सांगून राहिले मी. पिलू हाय नांदेडला. कापा." महादेवीवहिनी धीर द्यायला आल्या होत्या, त्यांनी "आमच्या माहेरी वेळू फुलला तर घरातलं एक माणूस..." इथपर्यंत मजल मारली, तेव्हा मी त्यांना सूप भेट देऊन घरी पाठवलं. (सूप दोन लिहिलंय, त्यातलं एक तिकडं आहे.)

मग आक्कानं मागितलं विमान. म्हणाली, फुललेला वेळू पुढं ठिसूळ होतो असं तूच म्हणालास, तर आत्ताच तोड, आणि माझं विमान तुझ्या हातानं कर. ऐनवेळी दुसरे कुणीही करतात ते वाकडंतिकडं करतात. दाजी, तुमच्या थोरल्या भावाला कसं नेलं आठवतंय का? मान सारखी डावीकडं, चौकापर्यंत तीनदा थांबावं लागलं. आपल्यात मेलेलं माणूस तिरडीवर निजून जात नाही, विमानात बसून जातं, तेव्हा सगळी मदार बैठकीवर आणि पाठीच्या टेकूवर. जित्या माणसाचं विमान करणं अशुभ, हे मी बोललो. ती म्हणाली, "अशुभ व्हायचं ते झालं, आता नीट तरी होऊ दे." आणि तुम्हाला खरं सांगतो, 'नीट' हा शब्द ऐकल्यावर माझा हात आपोआप खिशातल्या टेपकडे गेला. मला माझी लाज वाटते. पण टेप मी काढला.

बसल्या उंची तीस इंच दोन सूत. खांदे साडेतेरा. ती खाटेवर ताठ बसली होती आणि मी टेप लावत होतो, आणि बाहेर बेट कागद चुरगळत होतं. माझ्या ध्यानात आलं की श्वास मी रोखून धरलाय, आणि तिनंही.

पाच दिवसांत विमान झालं. चार पाय, कामट्यांची बैठक, घुमट, कळस, काथ्याच्या गाठी सगळ्या आतल्या बाजूला. खिळा एकही नाही. ओसरीत ठेवलं, चारी बाजूंनी पाणसळ लावली, बुडबुडा मधोमध. माझ्या आयुष्यातलं सगळ्यात चांगलं काम, आणि बघवत नव्हतं. दुपारच्या उन्हात त्याची सावली भिंतीवर पडायची, तीत कुणीतरी बसल्यासारखं दिसायचं. मी दोनदा उठून बघितलं. घुमटाची सावली बैठकीवर पडते, असं वहीत लिहिलं.

सोमवारी आक्का म्हणाली, बसून बघते. मी नको म्हणत होतो तोवर बसली सुद्धा. पदर डोक्यावर घेतला, हात मांडीवर ठेवले, डोळे मिटले. दाजी, मी तुम्हाला काय सांगू! हातातली पाणसळ मी खाली ठेवली. मग डोळे न उघडता ती म्हणाली, "डावीकडं बसकं हाय."

शक्यच नाही, मी म्हटलं. पाणसळ लावली. डावा मागचा पाय दोन सूत, म्हणजे पाव इंच, कमी. आदल्या दिवशी बुडबुडा मधोमध होता. मी रात्री कुलूप लावून झोपलो होतो. फुललेला वेळू वाळताना आखडतो, हे खरं, पण एकच पाय?

"दुरुस्त कर," आक्का म्हणाली. "वाकड्यात जाणार न्हाई मी." आणि विमानातून उतरून तिनं विचारलं, भाकरी आहे का.

बारा दिवसांनी तिनं पहिल्यांदा भाकरी मागितली. अर्धी खाल्ली, अंबाडीच्या भाजीबरोबर. मी तिथंच ओळखलं. विमान जोवर वाकडं, तोवर आक्काला जायची घाई नाही. मग जन्मातलं पहिलं खोटं मी शास्त्र म्हणून सांगितलं: उपाशी माणसाची बैठक खरी येत नाही, माप चुकतं, आठ दिवस दोन वेळ जेवलेलं आणि गोळ्या घेतलेलं माणूस बसलं तरच खोट कळते. तिनं मान डोलावली. तुमच्या गैरहजेरीत ती दर सोमवारी न्हाऊन, जेवून, गोळी घेऊन विमानात बसते आणि मला शिव्या घालते. "पाठीत टोचतंय. डोळे फुटले का तुझे? शिकलास काय एवढी पुस्तकं वाचून?" टोचणारच, ती कामटी मी मुद्दाम उलटी लावली होती. दाजी, ज्या हातानं कधी पाव सूत चुकवलं नाही त्या हातानं जाणूनबुजून कामटी उलटी लावायची, याला काय लागतं ते तुम्हाला कळणार नाही. तुमच्या न्हाणीची कडी मी बघितली आहे. रात्री झोप लागत नाही. पण आक्का काल एक भाकरी आणि वर ताक घेऊन उठली.

बाकी सर्व क्षेम. बेट वाळत चाललंय, बी गळतंय, त्यातून हिरवे कोंब यायला लागतील तर पावसाळ्यात एक कुंडीत भरून ठेवीन. घरातल्या सगळ्यांना आशीर्वाद, तुम्हाला नमस्कार.

आपला,
मन्मथ

ता. क. पत्राचं खरं काम हे. तुम्ही शुक्रवारी परत येताय. आक्का आल्याबरोबर तुम्हाला विमान दाखवणार. तुम्हाला प्रत्येक गोष्टीला "झ्याक!" म्हणायची सवय आहे; ज्या पंपानं कधी पाणी ओढलं नाही त्यालाही तुम्ही झ्याक म्हणाला होता. हात जोडतो, विमानाला म्हणू नका. तुमचे डोळे नवे आहेत, खोट काढा. काय काढायची सुचणार नाही म्हणून मी वहीत बावन्न सोमवारांच्या बावन्न खोटी तारीखवार लिहून ठेवल्या आहेत. वही तुमच्या उशीखाली ठेवतो.

आ. ता. क. एक गोष्ट लिहू की नको करत होतो. पाठीची कामटी मी उलटी लावली ती कबूल, पण डाव्या पायाला मी एकदाही हात लावला नाही. तो दर सोमवारी दुरुस्त करतो आणि पुढच्या सोमवारी पुन्हा दोन सूत कमी. आज सकाळी आक्काच्या खाटेखाली झाडताना विभूतीच्या डबीमागं कापडात बांधलेला वेळूचा भुगा आणि तासलेल्या कपच्या सापडल्या. माझा कोयता उभा चालतो. या कपच्या आडव्या आहेत, विळीवर घासलेल्या, आणि विळीचं पातं तीन ठिकाणी दातरं झालंय. मी कापड होतं तसं बांधून होतं तिथं ठेवलं. तुम्हीही विळी बोथट का, असं विचारू नका. (सृष्टी, हे मात्र मोठ्यानं वाच.)

शेवटचं. परवा बसवराज आडतदार शेंगदाणे पोचवायला आले होते. त्यांचे वडील ब्याण्णव वर्षांचे, अंथरुणाला खिळलेले. ओसरीतलं विमान बघून त्यांनी चारी बाजूंनी फेरी मारली, गाठी हातानं चाचपल्या आणि उभ्या उभ्या किंमत बोलले. आक्का आतून ऐकत होती, तिची खाट वाजली. मी म्हटलं, काम अजून पुरं नाही, आणि पुरं झालं तरी विकायचं नाही. ते देत होते रोख एक्कावन्न हजार रुपये.