शेवटच्या दृश्यातील शांततेची व्यवस्था

मी, सेइगो कुरामोची, वय सत्तावन्न, वाणिज्य पदवीधर, व्यवसाय चित्रपटांचे पार्श्वसंगीत, राहणार झुशी, हे मृत्युपत्र स्वहस्ते लिहीत आहे. बुद्धी शाबूत आहे. मन स्थिर आहे असे मात्र लिहवत नाही. सोमवारी माझ्या उजव्या कानामागील गाठ काढणार आहेत आणि मला भीती वाटते. डावा कान पूर्वीच गेला आहे. शल्यविशारद म्हणाले, "जिवाला धोका कमी आहे. ऐकू येण्याचं मात्र सांगता येत नाही." मला याच्या उलट उत्तर चालले असते.

१. झुशीचे घर व सर्व ठेवी पत्नी चिझुरू हिला द्याव्यात.

२. वडिलांच्या मिसोच्या, म्हणजे आंबवलेल्या सोयाबीनच्या, दुकानातील माझा हिस्सा धाकटा भाऊ तोकुजी यास द्यावा. वाणिज्य मी त्या दुकानासाठीच शिकलो. "दादा, भुतांच्या सिनेमांना वाजवून पोट भरतं का रे?" असे तो दर नववर्षाच्या जेवणात विचारत असे. भरते, तोकुजी.

३. पियानो मुलगी मिओ हिला. तिने तो खुशाल विकावा, परंतु सुरात लावून घेतल्याशिवाय नव्हे.

४. अंत्यविधीच्या आदल्या संध्याकाळी लोक दर्शनाला येतात, तेव्हा माझे संगीत वाजवू नये. ते बहुतांशी भुताच्या चित्रपटांचे आहे; उदबत्ती लावायला आलेली माणसे दचकून मागे पाहतील. निर्माते ओगाता यांना निमंत्रण द्यावे, भाषणाची संधी देऊ नये.

५. सध्याच्या चित्रपटाच्या शेवटी एका बुडालेल्या कोळ्याची बायको एकटीच जाळे दुरुस्त करत बसते. तेथे मी संगीत दिलेले नाही. त्यावर ओगाता यांच्याशी झालेले बोलणे असे:

"कुरामोची-सान, शेवटचं दृश्य राहिलं की!"

"राहिलं नाही. तिथे शांतताच हवी."

"वा! मग शांततेचं मानधन कशाला देऊ? ती फुकट मिळते!"

माझ्या पश्चात ते माझ्याच जुन्या चित्रपटातला तुकडा तेथे चिकटवतील. त्यास माझी सक्त मनाई आहे.

येथवर काल लिहिले होते. आज सकाळी ते दृश्य चिझुरूसोबत पुन्हा पाहिले. ती म्हणाली, "अहो, किती गोड गुणगुणते हो ही!"

मला काहीच ऐकू आले नव्हते. बाईचे ओठ हलत होते. मी ते रडणे समजलो होतो. ज्या शांततेसाठी मी भांडलो ती पडद्यावर नव्हतीच, माझ्या कानात होती.

शिष्या हाझुकी त्सुनोदा हिला फोन लावला. उजव्या कानाला चिकटवला तर फोन मला अजून कळतो.

"ती गुणगुणते?"

"हो सेन्सेई, अगदी हळू. मला वाटलं, तिच्यासाठीच जागा सोडलीत तुम्ही."

मी फोन ठेवला आणि हा कागद पुन्हा पुढे ओढला.

६. सबब कलम ५ मधील मनाई ओगाता यांच्यापुरती कायम, परंतु हाझुकीस लागू नाही. त्या दृश्याचा निर्णय तिचा. आमच्या धंद्यात शिष्याने लिहिलेले गुरूच्या नावावर जाते. येथे तसे करू नये. तिने संगीत दिले तर नाव तिचे. जागा मोकळी ठेवली तरीही नाव तिचेच, कारण ती जागा तिने ऐकून ठेवलेली असेल.

७. मृत्युपत्र मृत्यूनंतरच अमलात येते, हे मी जाणतो. तरीही मी जिवंत व बहिरा परतलो, तर कलम ६ त्याच दिवशी लागू समजावे. आणि ती बाई काय गुणगुणत होती, ते चिझुरूने माझ्या तळहातावर बोटांनी वाजवून दाखवावे. मी थांब म्हणेपर्यंत थांबू नये.

हस्तलिखित मृत्युपत्रास जपानी कायद्याने साक्षीदार लागत नाहीत. मला लागले. शिक्का तिरका उमटला आहे. तो वैध धरावा.

साक्षीदार:
कान्जी इसोबे, निवृत्त ध्वनिमुद्रक
फुमिए नागुमो, दंतवैद्य, शेजारी

सही व शिक्का: सेइगो कुरामोची
झुशी, १७ नोव्हेंबर २०२३