निळ्या चौकड्यांचा शर्ट

प्रिय दादा,

फोनवर तू विचारलंस, सिनेमात तू नक्की करतेस तरी काय? मी हसून टाळलं. खरं सांगायचं तर पडेल ते. आमच्या पदरमोडीच्या सिनेमांत चार माणसं पंधरा जणांची कामं करतात. मी माइकचा दांडा धरलाय, कपड्यांना इस्त्री केलीय, संकलन केलंय, एकदा नटी रुसली म्हणून तिचा कोट घालून पाठमोरी चाललेय. सगळे मला हरकामी म्हणतात. मलाही आता त्याचं काही वाटत नाही.

पण हात बसला तो एका कामावर. एकच प्रसंग दोन दिवस चालला, तर काल कप जिथे होता तिथेच आज हवा. म्हणून प्रत्येक वस्तूचे फोटो काढून ठेवायचे. मी काम केलेली पहिली फिल्म आपल्याच बैठकीच्या खोलीत झाली होती, आठवतंय? तू सुट्टी काढून आला होतास आणि आई खुर्च्या हलवल्या म्हणून दिवसभर कुरकुरत होती. ते फोटो आता कामाला आलेत. हल्ली एखादी वस्तू जरा सरकली तरी आई घरातच हरवते. म्हणून रोज सकाळी मी फोटो बघून खोली लावते. चष्मा रेडिओच्या डावीकडे, पडदा अर्धा. मग ती शांत बसते.

त्या फोटोंत खुर्चीच्या पाठीवर तुझा निळ्या चौकड्यांचा शर्ट आहे. मध्यंतरी आईने तुझा ध्यास घेतला, जेवण सोडलं. तू फोनवर बोललास, पण फोनमधला आवाज तिला तुझा वाटेना. शेवटी मी तो शर्ट घातला, केस टोपीत कोंबले, तुझ्यासारखी पाय पसरून बसले. ती पोटभर जेवली. वर म्हणाली, किती वाळलायस रे. तेव्हापासून रोज दुपारी मी तू असते. रडूबिडू काही येत नाही. काल कॉलरचं बटण उघडं होतं, म्हणून आजही उघडं ठेवलं, एवढंच डोक्यात असतं.

मला एक फिल्म मिळालीय, दिग्दर्शनाची. लहानशीच, पण माझी. पुढच्या महिन्यात जायचंय आणि मी अजून होकार कळवलेला नाही. काल जेवता जेवता आईने माझा हात धरला आणि हळूच विचारलं, धाकटीशी भांडलास का रे? ती घरी का येत नाही? मी तुझ्या आवाजात म्हटलं, शूटिंगवर आहे, येईल. तर म्हणाली, तिला म्हणावं, वेळेवर जेवत जा. तेव्हा दादा, रजा काढ आणि ये. तुझी खुर्ची तू सांभाळ. मी शर्ट काढीन, बाहेर जाईन आणि बेल वाजवून आत येईन. तिला एकदा भेटले की मग मी जाईन.

तुझीच,
धाकटी