बेशुद्ध वडिलांची भूमिका

४ एप्रिल १९७८
अखेर टेलिव्हिजन! बावीस वर्षं सिनेमात हवालदार, वकिलाचा कारकून, मोटारीचं दार उघडणारा ड्रायव्हर. आता एकदम वडील. दर गुरुवारी साडेसात ते आठ, स्टुडिओतून लाइव्ह. अख्खी मालिका माझ्याभोवती फिरते. म्हणजे मी मधोमध पलंगावर आणि बाकीचे भोवती. वडील बेशुद्ध आहेत. संवाद नाहीत. सोपी भूमिका कोणालाही देतात, ही मला दिली.
संकल्प : रोज सकाळी तासभर बेशुद्धीचा सराव.

५ एप्रिल
सराव केला. अकराला जाग आली. बायको म्हणाली, हा सराव तर लग्नापासून चालूच आहे. तिला अभिनयातलं काय कळणार!

७ एप्रिल
काल पहिला भाग झाला. दिग्दर्शक म्हणाले, तुम्ही फक्त पडून राहा, काही म्हणजे काही करू नका. एवढा विश्वास आजवर माझ्यावर कोणी टाकला नव्हता.
हिच्या दादांकडे टीव्ही आहे, सगळे तिथे जमले होते. हिला विचारलं, कसा वाटलो? म्हणाली, तुमच्या मुलीचं काम करणारी नटी काय सुंदर रडते! आणि मी? जरा विचार करून म्हणाली, चादर स्वच्छ होती.
संकल्प : पुढच्या वेळी काहीतरी करायचं. थोडंच.

१४ एप्रिल
करंगळी हलवली. जेमतेम. पण परिणाम! मुलगी किंचाळली. डॉक्टर झालेला नट वाक्य विसरला आणि नाडी बघायची सोडून माझ्याशी शेकहँड करून मोकळा झाला. स्टुडिओत फोनवर फोन, वडील शुद्धीवर आले का? दिग्दर्शकांना पाच मिनिटं शब्द फुटेना. भारावले असणार. नंतर फुटले, ते इथे लिहीत नाही.

२१ एप्रिल
दिव्यांची ऊब, मऊ गादी. काल भूमिकेत इतका खोल शिरलो की घोरलो म्हणे. मुलगी माझा हात धरून म्हणाली होती, बाबा, एकदा तरी माझ्याशी बोला. आणि नेमकं तेव्हाच. असं साउंडवाल्याचं म्हणणं. त्याचा माझ्यावर पहिल्यापासून दात आहे.

२४ एप्रिल
चिठ्ठी आली. पुढच्या भागापासून येण्याची तसदी घेऊ नये.
घाबरवायचा डाव, दुसरं काय! पलंग रिकामा दाखवणार आहेत का? गुरुवारी सातला हातापाया पडत येतील. हिला सांगितलं नाही. उगाच जिवाला घोर.

२७ एप्रिल, संध्याकाळी ६.४०
दाढी करून नेहमीसारखा निघालो. स्टुडिओच्या फाटकासमोर चहाच्या दुकानात बसलोय. बोलावणं आलं की दोन मिनिटांत पलंगावर.

२८ एप्रिल
कोणी आलं नाही. आठनंतर मेकअपवाले बाहेर पडले. त्यांना गाठलं, माझ्या जागी कोणाला घेतलं ते सांगा. आधी सांगेनात. मग खाली बघत म्हणाले, तीन उशा. वर पांढऱ्या केसांचा टोप, तोंड भिंतीकडे. दिग्दर्शक खूश आहेत.
घरी आलो तर ही दारातच उभी. डोळे सुजलेले. म्हणाली, अहो, आज काय काम केलंत! काळजाचं पाणी झालं. दादा तर उठून आतल्या खोलीत गेले. तुम्ही इतके मोठे नट आहात हे मला इतकी वर्षं कळलंच नाही हो.
मी म्हटलं, मेहनत घेतली.
मालिका वर्षभर चालणार म्हणतात. दर गुरुवारी कुठे जाऊन बसायचं, ते बघायला हवं.