गोठ्यातला राग

माय,

तुझा राग गोठ्यात निघायचा. आपल्या खटकचिंचोळीच्या घरात मराठी चालायची, कानडी चालायची, अप्पा बाजारात उर्दूही झाडायचे. पण तुझं औरादकडच्या माहेरचं तेलुगू कुणालाच येत नव्हतं. म्हणून आजी टोचून बोलली किंवा अप्पांनी चारचौघांत गप्प केलं, की तू थेट म्हशीकडं जायचीस आणि तिच्या पाठीवर हात ठेवून भडाभडा तेलुगूत बोलायचीस. मी दारात उभी. "काय म्हणायलीस गं माय?" "काय न्हाई. पाणी पी म्हणायले तिला." म्हशीचं तर पाणी कधीच पिऊन झालेलं असायचं.

दहावीनंतर माझं लग्न ठरवलं त्या दिवशीही तू घरात शब्द काढला नाहीस. पाहुण्यांना वाढलंस आणि गोठ्यात गेलीस. एकच वाक्य पुन्हापुन्हा म्हणत होतीस, ते माझ्या कानात बसलं. अर्थ कळला नाही, आणि घरात तू अडवलं नाहीस, म्हणून मला वाटलं, तुलाही हे पसंतच आहे. सासरी राहून शिकले, मास्तरीण झाले, पण तुझ्या त्या गप्प बसण्याचा राग मनातून गेला नाही. तू गेलीस तेव्हाही तो होताच.

परवा आमच्या कलबुर्गीच्या शाळेत एका तेलुगू बोलणाऱ्या बाईंना ते वाक्य म्हणून दाखवलं. त्यांनी अर्थ सांगितला: माझी पोरगी आहे, मला का विचारलं नाही? मी वर्गाबाहेर येऊन रडले. इतकी वर्षं मी भलत्याच माणसावर रागावले होते गं.

त्याच आठवड्यात ह्यांनी माझ्या दिरांना सांगून टाकलं, "नातवाला सांभाळायला ही नोकरी सोडायलीय." मी चहा घेऊन समोरच उभी होते. म्हटलं, "मला कामून इचारलं न्हाई? मी सोडणार न्हाई." मराठीत म्हटलं, सगळ्यांना कळेल असं. दीर कपात बघत बसले. हे म्हणाले, "तुला काय झालंय आज?"

बोलून टाकलं की मोकळं वाटतं, असं मी वर्गातल्या पोरींना सांगत असते. मला तसं काही वाटलं नाही, माय. घर चिडीचूप आहे. हे आपला चहा आपणच करून घेतात, सून माझं ताट झाकून ठेवते आणि मी एकटी जेवते. शाळेत रोज जाते, नोकरी सोडणार नाहीच. पण आज सकाळी ह्यांच्यासमोर उभी राहिले तेव्हा "चुकलं माझं" तोंडापर्यंत आलं होतं. म्हटलं नाही. म्हणावंसं वाटलं मात्र, आणि आता सगळ्यात जास्त राग त्याचाच येतोय.