आई आणि मिसो सूप

शनिवार, १४ जून. वेरिबी

आई परक्या लोकांत गप्प बसते ती इंग्रजी येत नाही म्हणून, की मी तिच्या आधी बोलते म्हणून? मला खरंच सांगता येत नाही. घरातली पहिली पदवीधर मी, त्यामुळे इथे परदेशात बँकेपासून दवाखान्यापर्यंत सगळीकडे मीच बोलत आले.

आज तिला इथल्या, खरं तर पर्यटकांसाठी असलेल्या जपानी स्वयंपाकाच्या वर्कशॉपला नेलं. शिकवणाऱ्या केइको म्हणाल्या, सूप चाखून बघा. आईने वाटी नाकाशी नेली, वास घेतला आणि न चाखताच खाली ठेवली. मी लगेच सांगू लागले, आमच्याकडे नैवेद्याआधी चाखत नाहीत, म्हणून तिला सवय...

"तू थांब गं," आई म्हणाली. मग केइकोंना, "सॉल्ट कमी. लिटल."

त्यांनी चाखलं, हसल्या आणि मिसोची, म्हणजे सोयाबीनची, खारट पेस्ट वाढवली. पुढे तासभर दोघी पातेल्यांची झाकणं उघडून एकमेकींना वास घ्यायला लावत होत्या. कुठल्या भाषेत बोलत होत्या, देव जाणे. मी गाजरं चिरली.

नाकाशी नेलेली ती वाटी डोळ्यांसमोरून जात नाही. इतकं खुशीत तिला कधी पाहिलं होतं?

पुढच्या शनिवारी तिथेच ब्रशने चित्रं काढायला शिकवणार आहेत. आईचं नाव नोंदवून टाकलं. फक्त तिचं.