बेट हलवायचं आहे

५ ऑक्टोबर, रविवार

बेटावरचं तण उपटलं. सगळं नाही झालं. खेळाच्या मशीनची डावी कांडी बिघडल्यापासून खेळातली माझी बाहुली आपोआप समुद्राकडे चालायला लागते. मी इकडे चहाचा कप उचलते आणि ही बया तिकडे गुडघाभर पाण्यात! धरून ठेवावी लागते.

मग भिंगरीच्या घरात गेले. नेहमीसारखी झोपलेली. खेळाचा नियमच आहे – जो खेळत नाही तो आपल्या घरात झोपलेला दिसतो. तिची बाहुली हेल्मेट घालून झोपते. तिनेच कधीतरी घातलेलं, दुसऱ्याचं काढता येत नाही. वस्तू मात्र एकमेकांच्या घरात ठेवता येतात, म्हणून तिच्या पलंगाशेजारी मी एक स्टूल नेऊन ठेवलंय. बसले जरा वेळ.

सत्तेचाळीस वर्षांची बाई. दिवसभर लॅबमध्ये लोकांच्या कवळ्या घासते आणि घरी येऊन हातात मावणाऱ्या खेळण्यात डोकं घालून बसते. कुणी पाहिलं तर म्हणेल, हिच्या डोक्यावर परिणाम झालाय. पण बघायला आहे कोण?

७ ऑक्टोबर, मंगळवार

भिंगरीचा फोन आला. आपण होऊन! मी हात न पुसताच उचलला, फोन प्लॅस्टरने माखला.

आत्याने नवीन मशीन घेऊन दिलंय म्हणे. स्क्रीन मोठा, कांड्या सरळ. मग म्हणाली, "मावशी, आपलं बेट माझ्या मशीनवर हलवायचं का?" मी म्हटलं, "हलवू की. त्यात काय एवढं." फोन ठेवल्यावर खुर्चीत बसूनच राहिले.

बेट तिचंच आहे, त्यात वाद नाही. सुरू तिने केलं, मी मागून राहायला आले. घरातही तसंच. हिच्या बाबांशी लग्न करून आले तेव्हा ही पाच वर्षांची होती आणि सोफ्याच्या मागून मला निरखून बघत होती. बाबांनी 'मावशी म्हण' सांगितलं, ते तिने पाळलं. खेळातसुद्धा तिनेच मला घर बांधायला जागा दाखवली. "इथे बांध, माझ्या शेजारी. पण माझ्या झाडांची फळं विचारून काढायची."

हे गेल्यावर वर्षभर आम्ही दोघीच होतो. मग नणंदबाई आल्या. "तू एकटी कमावणार, एकटी सांभाळणार. आमच्याकडे शाळा चांगली, घर मोठं. तुलाही मोकळीक." तुझं कुठे रक्ताचं आहे, हे त्या बोलल्या नाहीत. मला मात्र ते ऐकू आलं. काय हक्काने नाही म्हणणार होते? बॅग मीच भरून दिली. मशीन तिने माझ्यासाठी ठेवलं – "बेटावर लक्ष ठेव."

ठेवलं.

८ ऑक्टोबर

'बरी आहेस ना' असं काल तिने विचारलं, की मीच? काही केल्या आठवत नाही.

११ ऑक्टोबर, शनिवार

कोपऱ्यावरच्या मोबाइल दुरुस्तीवाल्याकडे मशीन दाखवलं. फार बोलतो, पण हात चांगला आहे. त्याने मागचं झाकण उघडलं आणि भुवया उंचावल्या. बॅटरी फुगलीये.

"मॅडम, बॅटरी मी बदलून देईन. पण मशीन म्हातारं झालंय. आत काही महत्त्वाचं असेल तर चालतंय तोवर हलवा. एकदा बंद पडलं तर मीही काही करू शकणार नाही."

कसं हलवायचं ते विचारलं. दोन पद्धती. एक – दोन्ही मशीन जवळजवळ ठेवायची, दोन्ही चार्जरला जोडलेली हवीत, मग एकातून दुसऱ्यात जातं. दुसरी – इंटरनेटवरून. "तुम्ही इथे बसा, मी पाठवतो. तिकडे पोरीने बटण दाबलं की झालं." दोन्हीत एक गोष्ट सारखीच. नव्यात गेलं की जुन्यातून पुसलं जातं, नक्कल राहत नाही. एकाच वेळी दोन्ही घरी नांदता येत नाही.

घरी येऊन भिंगरीला फोन केला. म्हटलं, "दोन्ही मशीन एका खोलीत, शेजारी शेजारीच ठेवावी लागतात. त्याशिवाय होतच नाही."

माझी जीभ जराही अडखळली नाही. आश्चर्य आहे.

त्याहून मोठं आश्चर्य म्हणजे ती लगेच "हो, बरोबर" म्हणाली. एरवी मशीनबद्दल मी तोंड उघडलं की "तसं नसतं गं मावशी" ठरलेलं. आज एका शब्दाने दुरुस्त केलं नाही. म्हणाली, "सुट्टी लागली की येते. राहायला येऊ ना?"

येऊ ना म्हणे. स्वतःच्या घरी यायला विचारते.

१४ ऑक्टोबर

खोटं बोलून बसले आणि आता जीव टांगणीला. तिची सुट्टी लागेपर्यंत मशीन बंद पडलं तर? सगळं बेट जाईल. झाडं, तिची शिंपल्यांची भिंत, बाबांच्या वाढदिवसाला तिने बांधलेला वाकडा पूल. एका भेटीसाठी मी हे सगळं पणाला लावलंय. बॅटरी बदलायला टाकायचीही भीती वाटते – उघडल्यावर चालूच झालं नाही तर?

आता फक्त तण उपटण्यापुरतं चालू करते. आणि स्टुलावर बसण्यापुरतं.

१७ ऑक्टोबर, शुक्रवार

लॅबमध्ये एका आजोबांची कवळी परत आली. दुसऱ्यांदा. डेंटिस्टची चिठ्ठी – 'बसत नाही, टोचते.' साच्यावर बसवून बघितली. चपखल बसतेय. शेजारच्या टेबलावरची मेण लावणारी म्हणाली, "अगं, लावतच नसतील. एकटे राहतात ते. बोलायला कुणी नाही, चारचौघांत जेवायला नाही. कशाला लावतील दात? आणि लावले नाहीत की हिरड्यांची सवय मोडते."

कड थोडी घासून दिली. त्याने काही फरक पडणार नाही.

२५ ऑक्टोबर

पुढच्या शनिवारी येतेय. नक्की! तिच्या खोलीतलं सगळं झटकलं. पडदे धुतले. अंडी, बटाटे, तिचा आवडता जॅम आणला. आता तो आवडतो की नाही कोण जाणे.

एक दुष्ट विचार डोक्यात येऊन बसलाय. बेट हलवत असताना मी मध्येच भिंतीवरचं बटण बंद केलं तर? हलवणं अर्धवट राहील, तिला परत यावं लागेल. पण अर्धवट राहून दोन्हीकडचं पुसलं गेलं तर? नाही, नाही करणार. मुलीचं आहे ते, मुलीला देऊन टाकायचं. आपण दाराशी उभं राहून हात हलवायचा. सवय आहे.

१ नोव्हेंबर, शनिवार

आली. नणंदबाईंनी गाडीतून खालीसुद्धा न उतरता सोडली, उद्या संध्याकाळी न्यायला येणार.

उंच झालीये. केस कापलेत. दारात दोघी नुसत्याच उभ्या, आधी कोण आत जाणार याचीच पंचाईत! मग तिने चपला काढल्या आणि सवयीने पायानेच कोपऱ्यात सरकवल्या. तेव्हा मला बरं वाटलं.

जेवताना मी विचारत गेले, ती उत्तरं देत गेली. शाळा ठीक, आत्या ठीक, आत्याचा मुलगा शहाणा समजतो स्वतःला. पाहुण्याशी बोलावं तशी बोलत होते मी. जॅम आणखी घे म्हटलं तर म्हणाली, "थँक्यू." माझ्या घरात थँक्यू!

बेट हलवायचं उद्या ठरलं.

२ नोव्हेंबर, रविवार

हलवायचं राहिलं.

मी सकाळीच दोन मशीन टेबलावर शेजारी शेजारी मांडली. मन घट्ट केलं होतं. स्वयंपाकघरात अंडी उकडत ठेवली, ती आत कपाटाशी काहीतरी खुडबुड करत होती. बाहेर आली आणि म्हणाली, "मावशी, चार्जर विसरले."

तिच्या मशीनमध्ये चार्जिंगचा एकच ठिपका. चार्जरशिवाय हलवणं सुरूच होत नाही. जुन्याची पिन वेगळी, लागत नाही. म्हटलं, दुरुस्तीवाल्याचं दुकान रविवारी बंद, पण बाजारात जाऊन नवा आणते. "नको, दुसरा कुठलाच चालत नाही त्याला. ओरिजिनलच लागतो." मी म्हटलं, "डोकं आणलंस बरोबर, हे नशीब." ती हसली नाही.

खरं सांगायचं तर आधी मनात लाडू फुटले. बेट आणखी काही दिवस माझ्याकडे! पण लगेच दुसरं डोक्यात आलं आणि ते काही जाईना. इतकं हवं होतं तर चार्जर विसरली कशी? सगळं आलं, केसांचा ब्रश आला, वाचायचं पुस्तक आलं. म्हणजे तिला आता बेटाचं काही नाही. मागितलं ते मागायचं म्हणून. मी आपली महिनाभर जीव मुठीत धरून बसलेय.

दिवसभर जुन्यावरच आळीपाळीने खेळलो. तिची बाहुली जागी झाली. कितीतरी महिन्यांनी मी तिला चालताना पाहिलं. आळस दिला, हेल्मेट सरळ केलं. मग भिंगरी थांबली.

"हे स्टूल इथे कुणी ठेवलं?"

"मला काय माहीत. बदकाने आणलं असेल." बदक म्हणजे बेटावरचा भोचक शेजारी, कुणाच्याही घरात घुसतो.

ती स्टूल उचलून बाजूला ठेवेल असं वाटलं होतं. तिथेच राहू दिलं. नंतर माझ्या बाहुलीला समुद्राकडे जाताना बघून मात्र पोट धरून हसली. "मावशी, ही रोज जीव द्यायला जाते का?"

संध्याकाळी गाडीचा हॉर्न वाजला. गेली. "पुढच्या वेळी करू," म्हणाली. असं लोक म्हणतातच.

पातेल्यात दोन अंडी उरलीत. घर इतकं शांत आहे की फ्रिजचा आवाज येतोय.

५ नोव्हेंबर, बुधवार

नणंदबाईंचा फोन. त्या फोनवर हॅलो म्हणत नाहीत, थेट मुद्द्यावर येतात.

"हे बघ, रागावू नकोस. पोरगी इथे आत्ता कुठे रुळतेय. तुझ्याकडून आल्यापासून तोंड पाडून बसलीये. त्या खेळाचं काय ते एकदाचं पाठवून टाक. माझा मुलगा म्हणत होता, इंटरनेटवरून होतं. तिला नवं मशीन आणलं तेव्हाच सांगितलंय त्याने. करूनही देत होता. नको म्हणाली."

"हो ताई," म्हटलं. दुसरं काय म्हणणार.

म्हणजे भिंगरीला माहीत होतं. मी खोटं बोलतेय हे तिला ठाऊक होतं आणि तरी "हो, बरोबर" म्हणाली. तोंड लपवायला जागा नाही. चौदा वर्षांच्या पोरीने माझी कीव केली. एकटी बाई आहे, जाऊन येऊ एकदा, असं वाटलं असेल तिला. आली, दोन दिवस काढले, थँक्यू म्हणाली. चार्जर कशाला आठवेल? ती बेटासाठी आलीच नव्हती, उपकारासाठी आली होती.

आता बास झालं. शनिवारी दुरुस्तीवाल्याकडे जाते आणि पाठवून देते. तोंड पाडून बसायला नको तिला माझ्यामुळे.

७ नोव्हेंबर

शेवटचं तण उपटलं. पूल दुरुस्त करत नाही, वाकडाच जाऊ दे. तिच्या घरात गेले. स्टूल उचलायला हात पुढे केला, पण उचललं नाही. नव्या मशीनमध्ये कुणाला काय अडचण होणार आहे त्याची.

बसले. तिच्या झोपलेल्या बाहुलीला सांगितलं, उद्या निघायचंय. ऐकू थोडंच येतं. रडले, आता लिहायला काय लाजायचं.

८ नोव्हेंबर, शनिवार

दुकानात नीट न्यावं म्हणून मशीनचा मूळ खोका कपाटावरून खाली काढला. आत भिंगरीचा मोजा. मोज्यात चार्जर. नवा, पांढरा, वायर गोल गुंडाळून वर रबर लावलेला – गाठ मारू नये, रबर लावावा, हे मीच शिकवलं होतं तिला.

खुर्चीवर उभीच राहिले कितीतरी वेळ.

मग मोजा होता तसा आत ठेवला, खोका होता तिथे वर. मशीन टॉवेलात गुंडाळून दुकानात गेले. "पाठवायचं ना, मॅडम?" म्हटलं, नाही, फक्त बॅटरी बदला. बदलली! चालू झालं. तीही होती आत, झोपलेली.

आत्ता तिचा मेसेज आला. 'मावशी, डिसेंबरच्या सुट्टीत येते. तेव्हा नक्की चार्जर आणते.'

मी लिहिलं – विसरलीस तरी चालेल.