ताईचा निवाडा

४ जून

ती. आत्यास,
सा. न. वि. वि.

आधी तुझ्या गुडघ्यांची चौकशी करायला हवी, पण बातमी पोटात मावत नाहीये. टेलरमास्तरांनी बाबांवर लावलेला दावा आज थांबला!

लाँड्रीसाठी वाफेचं इस्त्रीयंत्र घ्यायला मास्तरांनी बाबांना पैसे दिले, तो करारनामा तुझ्याच घरी झाला होता. त्यात शेवटी लिहिलंय, की वाद झाला तर आधी ताईने (म्हणजे तूच!) ऐकून निवाडा द्यावा. मी हरकत घेतली, की लवाद ठरलेला असताना मास्तर थेट कोर्टात आलेच कसे? त्यांचे वकील म्हणाले, की ताई ही काही संस्था नव्हे. न्यायाधीशबाईंनी विचारलं, की ताई हयात आहेत का. मी म्हटलं, ठणठणीत आहेत. झालं! प्रकरण तुझ्याकडे आलं.

आता तू फक्त घाई करू नकोस. गुडघे दुखतात म्हण, पाहुणे आलेत म्हण. पैसे घेतले हे बाबा नाकारत नाहीत. पण मास्तरांनी शिवलेले कोट इस्त्रीला पाठवणं बंद केलं, मग हप्ते कुठून भरायचे, असं त्यांचं म्हणणं. आत्ता एकरकमी फेडायचा हुकूम झाला तर यंत्र जप्त होईल आणि दुकानाला कुलूप लागेल. थोडा वेळ मिळाला तर काहीतरी जमवू.

लोभ आहेच; या कामात तो जरा जास्त असावा.
तुझा,
वकील भाचा

९ जून

चि. वकीलसाहेबांस,
अनेक उत्तम आशीर्वाद.

तुझं पत्र पोचलं. मास्तरांना बोलावून ते सगळं वाचून दाखवलं. गुडघ्यांपाशी आल्यावर ते इतके हसले, की चष्मा काढून डोळे पुसावे लागले.

तुम्ही मला लवाद केलंत ना? मग एका बाजूने माझ्याशी गुपचूप बोलायचं नाही, ही माझी पहिली हरकत. एवढं शिकलास आणि हे तुला सुचू नये? आत्या म्हणून लिहिलंस, हे मला कळतं. पण निवाडा होईपर्यंत मी तुझी आत्या नाही. तुझा बाप माझा धाकटा भाऊ आहे हेही मला तेवढे दिवस विसरायचंय, आणि ते सोपं नाही.

येत्या रविवारी सकाळी दोघांनी यावं. वकिलांना प्रवेश नाही.

निवाड्यानंतर लोभ पूर्ववत सुरू होईल.
लवाद

१२ जून

ती. आत्यास,
सा. न. वि. वि.

चुकलो. बाबांनी मला ग्राहकांसमोर झापलं. म्हणाले, ताईला खोटं बोलायला शिकवणारा तू कोण? रविवारी ते येतील.

मास्तरकाका, हे पत्रही तुम्ही ऐकत असणार, म्हणून तुम्हालाही नमस्कार.

उरलासुरला लोभ सांभाळून ठेवावा.
भाचा

१७ जून

चि. वकीलसाहेबांस,
अनेक आशीर्वाद.

झाला एकदाचा निवाडा. दोघं माझ्या दोन बाजूंना बसले आणि एकमेकांशी न बोलता माझ्याकडेच बघून भांडले. मास्तर म्हणाले, की नव्या यंत्रावर दोन कोटांच्या कॉलरी करपल्या आणि तुझ्या बापाने साधी दिलगिरीही न दाखवता कापडालाच नावं ठेवली. त्यांचं जुनं गिऱ्हाईक तुटलं. तुझा बाप म्हणाला, की मग तोंडावर सांगायचं होतं. काम मुकाट्याने दुसरीकडे का वळवलं? दोघांचंही खरं होतं.

मी ठरवलं ते असं. मुद्दल पूर्ण फेडायचं, वर त्या दोन कोटांची भरपाई. न सांगता काम काढून घेतलं, म्हणून मास्तरांना व्याज नाही. हप्ता लहान, दर महिन्याच्या एक तारखेला. तो येत राहील तोवर यंत्राला कुणी हात लावायचा नाही. आणि हप्ता माझ्या घरी, दोघांच्या समोर द्यायचा. कुणाच्या हाती पाठवलेला चालणार नाही.

मास्तरांनी मान डोलावली. तुझा बाप उठला आणि म्हणाला, की याच्यापेक्षा कोर्टातली परकी बाई बरी. चपला घालेपर्यंत त्याने वळून बघितलं नाही. मला भाऊ एवढा एकच आहे रे.

हरकत घ्यायची तर घे. मी रागावणार नाही.

लोभ इथे आहे. तिकडे किती उरला, ते कळव.
तुझी आत्या

२८ जून

ती. आत्यास,
सा. न. वि. वि.

हरकती मी काढल्या होत्या. तू एका पक्षाची सख्खी बहीण, निवाडा साध्या कागदावर, वकिलांना दाराबाहेर ठेवलेलं. एखादी तरी टिकली असती. बाबांना दुकानात वाचून दाखवल्या. ते शर्टाच्या बाहीवर इस्त्री फिरवत राहिले. मग म्हणाले, की ताईविरुद्ध कोर्टात एक शब्द काढलास तर उद्यापासून तुझा काळा कोट दुसरीकडे टाक.

बहिणीचा मुद्दा खरा तर मास्तरांनी मांडायचा. कोर्टात त्यांचे वकील तो मांडायला उठू लागले, तर मास्तरांनी बाही धरून त्यांना खाली बसवलं. न्यायाधीशबाईंनी मला विचारलं, तेव्हा मी म्हणालो, हरकत नाही. हे दोन शब्द कोर्टात मी पहिल्यांदाच उच्चारले. तुझा निवाडा जसाच्या तसा हुकूम झाला.

एक तारखेला बाबा हप्ता घेऊन येतायत. महिनाभर तुझ्याशी बोलणार नाही, असं त्यांनी मला बजावून सांगितलंय, बहुतेक मी तुला कळवावं म्हणूनच. त्यामुळे आधी तू बोल.

इकडे लोभ होता तेवढा आहे. तिकडचा कमी करू नये.
तुझा भाचा